शेवंतीचा तह आणि सावलीचा मान

श्री. उगवणाऱ्यास एक नमन, आणि उगवू देणारीस त्याहून एक अधिक. ज्याच्या तापाने भुई भाजते तो सूर्यनारायण, आणि भाजून घेऊनही पोटातली ओल जी सांभाळून ठेवते ती काळी माती, या उभयतांचे स्मरण करून हकीकत लिहावयास घेतली असे. शके सोळाशे चौतीस, नंदननाम संवत्सरे, वैशाख वद्य पक्षी, नदीच्या अलीकडील दौलतीत जे वर्तमान जाहले ते ऐकिले तैसे लिहिले. राज्याचे नाव लिहिले नाही, कारण नाव लिहिले की त्या नावाचे लोक हक्क सांगत येतात, आणि मग लिहिणाराच्या नाकी नऊ येतात.

तरी त्या साली अलीकडील महाराज आणि पलीकडील महाराज यांजमध्ये नदीच्या उतारावरून कलह माजला. उतार म्हणजे जेथे पाणी गुडघ्याएवढे आणि गुरे पायी पार होतात ती जागा, आणि कलह इतकाच की तेथे आधी पाणी पिण्याचा मान कोणाच्या गुरांचा. गुरांनी याविषयी कधी तक्रार केली नव्हती. ती दोन्हीकडून येत आणि एकमेकांच्या नाकाला नाक लावून पाणी पीत. पण माणसांस ते पाहवेना, आणि मग नगारे वाजले, आणि दोन्हीकडील फौजा भर वैशाखात नदीच्या वाळवंटात समोरासमोर उभ्या ठाकल्या. उभ्या ठाकल्या खऱ्या, पण ऊन ऐसे की तरवारीच्या मुठीस हात लावता हात पोळावा, आणि घोडी पाय उचलीनात, आणि नगारखान्याच्या बैलांनी तर सरळ बसकण मारिली. मग एक प्यादा हळूच पाण्यात जाऊन बसला, आणि त्यास पाहून समोरचा एक बसला, आणि मग दहा बसले, आणि मग शिरस्त्राणे काढून ठेवून दोन्ही फौजा नदीत बसल्या, आणि गळ्यापर्यंत गार झालेल्या माणसाच्या मनात कोणास मारावे ऐसे येईना. कित्येक तेथेच बसल्या बसल्या झोपले. येणेप्रमाणे लढाई पेंगून गेली, आणि तहाचे बोलणे लागले.

आता त्या मुलखी तहाची चाल ऐसी होती की ज्या दिवशी शपथ त्याच दिवशी रोप लावावे, आणि रोप जगेल तोवर तह जगेल. मागे एकदा एका धूर्त कारभाऱ्याने तहास झेंडू लावविला, तो दसऱ्याला डोलला आणि पुढे महिन्याभरात वाळला, आणि तहही वाळला, आणि पुष्कळ माणसे फुकट मेली. तेव्हांपासून नेम जाहला की तहास वर्षाचे रोप चालणार नाही, मुळाशी धरून राहणारे, फुलून गेले तरी पुन्हा फुटणारे, ऐसेच लावावे. नदीच्या मध्ये बेटावर जलदेवीचे ठाणे होते आणि त्याच्या मागे शेवंतीचा एक जुना गड्डा होता. तो कोणी लावला हे कोणास ठाऊक नव्हते, आणि दरसाल कार्तिकात पिवळाजर्द फुलून जाई, आणि मग सुकून जाई, आणि मग पुन्हा बुडाशी कोंब धरी. ठरले की हाच गड्डा उपटून त्याचे दोन वाटे करावे, एक या तीरी महालाच्या चौकात, एक त्या तीरी. देवीचा गुरव हात जोडून म्हणाला, "महाराज, वैशाख आहे. आत्ता मूळ हलविले तर रोप जीव धरील का नाही कोण जाणे. मृग लागेपर्यंत थांबावं." त्यावर अलीकडील कारभारी अंताजीपंत म्हणाले, "तह थांबेल हो, फौजा थांबतील काय? नदीतून उठून अंग वाळलं की पुन्हा तरवारी काढतील." हे बोलणे दोन्हीकडे मान्य जाहले, आणि ऐन दुपारी शपथा जाहल्या, आणि ऐन दुपारी गड्डा निघाला.

कलमे ठरली ती अशी. दोन्ही वाटे फुलले म्हणजे तह पक्का. तोवर कोणी उतार ओलांडू नये, निरोप अथवा जासूद पाठवू नये, आणि एकेक ओलीस एकमेकांकडे राहावा. दोहींपैकी एक रोप जरी फुलण्याआधी मेले तरी तह मेला, आणि मग ओलिसांनी आपले घर विसरावे. त्यांस डोंगरी किल्ल्यावर जन्मभर ठेवावे. पलीकडून आले म्हाळोजीबाबा, तिकडील महाराजांचे मामा, वृद्ध गृहस्थ, पांढऱ्या मिशांचे आणि गुडघे दुखणारे. अलीकडून गेले सुभानराव, इकडील महाराजांचे पुतणे. हे सुभानराव फार बोलके. घोड्याशी बोलत, ताटातल्या भाकरीशी बोलत, झोपेतही बोलत, आणि त्यांच्या कुटुंब वेणूबाई यांस इतक्या वर्षांत ती बडबड कानास इतकी सवयीची जाहली होती की घरात शांतता जाहली तर त्या दचकून जाग्या होत. निघते वेळी सुभानराव म्हणाले, "वेणू, तू इकडच्या रोपाकडे बघ, मी तिकडच्याकडे बघतो. दोघांनी बघितलं म्हणजे जगेल." आणि मग पाण्यात उतरले, आणि पाण्यातून जातानाही घोड्यास काही सांगत होते, ते पुढे ऐकू येईनासे झाले.

मग वेणूबाईंनी दुसरे काही केले नाही. महालाच्या सज्जात वाळ्याचा पडदा सोडविला आणि त्यामागे बसून चौकातील रोपाकडे बघत राहिल्या. सकाळ बघत, दुपार बघत, जेवणाचे ताट तेथेच येई. वैशाखातील त्या दुपारी मोठ्या विलक्षण होत्या. अवघी राजधानी झोपे. पारवे कोनाड्यात डोळे मिटून बसत, पहारेकरी भाल्यास टेकून घोरत, उन्हात समोरची भिंत हलते आहे ऐसे वाटे, आणि वाळ्याचा ओला वास येऊन डोळ्यांवर झापड येई. त्या झापडीत वेणूबाईंस पलीकडचा चौक दिसे, तो त्यांनी जन्मात पाहिला नव्हता. तेथे एक रोप आणि रोपापाशी सुभानराव, आणि दोघांच्याही माना खाली. मग दचकून डोळे उघडत, तो समोर आपले रोप, आणि त्याचीही मान खाली. कोणते स्वप्नातले आणि कोणते जागेपणीचे, हे कळावयास अंमळ वेळ लागे.

रोपाची मान खाली, ही मोठी दहशतीची गोष्ट होती. शपथ दुपारी जाहली म्हणून रोज दुपारीच दरबाराने रोपाची पाहणी करावी ऐसे पंतांनी ठरविले होते. त्याप्रमाणे भर उन्हात नगारा होई, आणि महाराज, पंत, आणि अवघे मानकरी पागोटी सावरीत चौकात येत, आणि बघतात तो शेवंतीची पाने लोळागोळा होऊन पडलेली. सरलष्कर हैबतराव, ज्यांनी आठ रणांत पाठ दाखविली नव्हती, ते कासावीस होऊन म्हणत, "तहानलंय हो. पाणी आणा." मग पाणी येई, पण पाणी घालण्याचाही मान असतो. पहिला तांब्या सरलष्करांचा, की पुरोहितांचा, की महाराजांच्या मेहुण्यांचा, यावरून पहिल्याच दिवशी मिशा फुरफुरल्या. पंतांनी तोड काढिली की सगळ्यांनीच घालावे, मानाप्रमाणे एकामागून एक. मग चांदीचे तांबे, आणि तांब्याचे तांबे, आणि मागच्या रांगेतल्यांची मडकी, ऐसे सगळे त्या वीतभर रोपावर रिते होऊ लागले, आणि पाणी घालून जो तो आपण राज्य राखिले ऐशा समाधानाने जाऊन झोपे. दुसरे दिवशी पाहावे तो मान पुन्हा खाली. मग आदल्या दिवशी कोणाचा तरी तांब्या उणा भरला होता ऐसा संशय येई, आणि आज मोठे तांबे येत.

आता दरबार संध्याकाळी चौकात कधी येत नसे, संध्याकाळी गाणे असे. त्यामुळे उन्हे कलल्यावर काय होते ते एकट्या वेणूबाईंनी पाहिले. भिंतीची सावली सरकत रोपावर आली, आणि वारा जरा फिरला, आणि मेल्यासारखी पडलेली ती पाने हळूहळू, कोणी हात लाविल्याविना, उभी राहिली. वेणूबाईंस वाटले की हेही स्वप्नातलेच. दुसरे दिवशी त्यांनी स्वतःस चिमटा घेऊन पाहिले, आणि तिसरे दिवशी दासीस शेजारी बसवून पाहिले, आणि तरी तसेच जाहले. तेव्हां त्यांच्या ध्यानात आले की रोप दुपारी मरत नाही, मान खाली घालून दुपार काढते. पण बुडाची पाने पिवळी पडू लागली होती, ती संध्याकाळीही उठत नव्हती. मग त्या खाली उतरल्या, आणि आळ्यातल्या मातीत बोट घातले, तो ते चिखलात कोपरापर्यंत जाईल ऐसे वाटले, आणि मातीस आंबट वास आला. रोप उन्हाने मरणार नव्हते, मानाने मरणार होते.

चौकाच्या कोपऱ्यात एक बंगली होती, तेथे म्हाळोजीबाबांस ठेविले होते. त्यांची बडदास्त चोख होती आणि त्यांच्याशी बोलत कोणी नव्हते. वेणूबाई पदर सावरून तेथे गेल्या आणि पायरीवर बसल्या. बाबा म्हणाले, "मीही बघतोय, पोरी. तुमचे सरदार रोज माझ्या डोळ्यांदेखत त्याला बुडवतात, आणि मी ओलीस, मला बोलायची सोय नाही. बोललो तर म्हणतील, शत्रू रोपाला पाणी घालू देत नाही."

"आणि बाबा, तिकडे?"

म्हातारा म्हणाला, "तिकडे याहून वाईट. आमची माणसं तुमच्याहून मानी. तुम्ही तांब्याने घालता ना, ते हौद फोडतील."

हे ऐकून वेणूबाईंस रडू आले आणि त्या तेथेच रडल्या. हे रोप सांभाळता येईल, पण ते? तिकडे निरोप नाही, जासूद नाही, आणि तेथे एक माणूस रोपापाशी बसून आपल्याकडून बघतो आहे, आणि त्यास बघण्यापलीकडे काही करता येत नाही. आपण दोघांनी बघितले म्हणजे जगेल ऐसे तो म्हणाला होता. बघितल्याने काही जगत नाही, हे आता त्यांस कळले होते. बाबांनी त्यांस रडू दिले. मग म्हणाले, "आमच्या लोकांचा एक गुण आहे. त्यांना सांगितलेलं पटत नाही. पण शेजाऱ्याकडे एखादी गोष्ट दिसली, की त्यांना झोप लागत नाही."

त्यावर वेणूबाईंनी डोळे पुसले आणि पुष्कळ वेळ विचार केला. मानकऱ्यांस तुम्ही चुकला म्हणून सांगता येणार नाही, हे त्या जाणत होत्या. चूक कबूल करणारा मानकरी त्या राज्यात अद्याप जन्मला नव्हता. मान काढून घेता येणार नाही, तर त्याहून मोठा मान द्यावा लागेल. मग दुसरे दिवशी, दरबार पाहणीस जमला असता, त्या पडद्याबाहेर आल्या आणि महाराजांस मुजरा करून म्हणाल्या, "महाराज, एक पुसते. हे रोप म्हणजे तह, आणि तहाच्या हाती दोन्ही राज्यं. मग हे रोप आपल्याहून थोर, की धाकटं?"

महाराज उन्हाने अर्धे पेंगलेले होते. म्हणाले, "सूनबाई, थोरच म्हणायचं. ते मेलं तर आम्ही कुठले?"

"मग आपल्या डोक्यावर छत्र, आणि ते उन्हात उघडं. आणि छत्र धरण्याचा मान तर पाणी घालण्याहून मोठा. पाणी काय, कोणीही घालतं."

हे शेवटचे बोल चौकात पडले मात्र, हैबतरावांनी हातातला तांब्या पाठीमागे लपविला. मेहुण्यांनी तर तो मागच्याच्या हाती दिला. पंत म्हणाले, "रास्त आहे. परंतु मानकरी पुष्कळ, छत्र एक." वेणूबाई म्हणाल्या, "पाळीपाळीने धरावं. आणि दोन असावीत. एक रोपापुरतं, खाली. आणि एक वर, मोठ्या काठीवर, इतकं उंच की नदीपलीकडून दिसेल. नाहीतर तिकडच्यांना कसं कळणार, आपण तहाचा मान कसा राखतो ते?" म्हाळोजीबाबा बंगलीच्या दारात उभे होते. ते म्हणाले, "आणखी थोडं उंच करा. आमच्या तटावर मध्ये पिंपळ आहे." शत्रूच्या मामांनी इतके बोलल्यावर, आता उंच न करणे ही नामुष्की ठरली असती.

मग त्याच दिवशी लाल अब्दागीर, म्हणजे उंच काठीचे छत्र, आली, तीच की जी महाराजांच्या राज्याभिषेकास होती, आणि ती बांबूवर बांधून तटाच्या वर चढविली. तिची सावली कोठेतरी तबेल्यावर पडे. रोपास तिचा कवडीचा उपयोग नव्हता. खाली रोपावर दुसरी, जुन्या लाल रेशमाची, ती मानकरी पाळीपाळीने धरीत. दोन्ही हातांत काठी धरिली की तांब्या धरावयास हात उरत नाही, हे कोणाच्या ध्यानात आले नाही. संध्याकाळी मात्र, गाणे सुरू जाहले म्हणजे, वेणूबाई खाली येत, आळ्यात बोट घालून बघत, आणि वाटले तरच ओंजळभर पाणी घालीत. म्हाळोजीबाबांनी चिखल काढून नदीची वाळू मिसळली आणि आळ्यास एक चर काढून दिला. गुडघे दुखत होते तरी ओणवे होऊन काढिला.

आणि मग चौकातल्या दुपारींस एक निराळेच रूप आले. ज्यांनी एकमेकांशी मानावरून कित्येक वर्षे भाषण सोडिले होते ते सरदार त्या लाल उजेडात शेजारी शेजारी उभे राहू लागले. रेशमातून आलेल्या उन्हाने सगळ्यांचे चेहरे एकसारखे गुलाबी दिसत. उभ्या उभ्या झोप येई, आणि झोपू नये म्हणून ते बोलत, आणि बोलताना लढाया आठवीनात. हैबतराव एकदा म्हणाले, "आमच्या आईने परसात मोगरा लावला होता. ती गेली, आणि तो अजून फुलतो." इतके बोलून ते आपल्याशीच लाजले. मेहुणे म्हणाले, "असू द्या. माझी पाळी आली, तुम्ही जरा टेका." हैबतराव टेकले, आणि शेवंतीपासून हातभर अंतरावर, पागोटे उशाशी घेऊन, लहान मुलासारखे झोपी गेले. रोप दुपारी अजून मान घालीतच होते, पण आता त्यास कोणी उठवीत नसे.

पण वेणूबाईंचा जीव टांगणीस लागला होता. दुपारी अवघे निजले की त्या गच्चीवर चढत, फरशीने तळपाय पोळत, आणि नदीपलीकडे बघत. तिकडे पिंपळ, तट, आणि उन्हाची लाट, दुसरे काही नाही. आज नाही, उद्या नाही, परवाही नाही. त्यांस वाटले की तिकडचे रोप एव्हांना कुजले आणि तेथे लपवून ठेविले आहे. एके दिवशी डोळ्यांपुढे अंधारी येऊ लागली म्हणून त्या कठड्यास धरून वळणार, तो पिंपळाच्या बाजूस एक पांढरा ठिपका वर आला. वर आला आणि थांबला, आणि मग आणखी वर गेला, इकडच्या अब्दागिरीहून हात दोन हात उंच. वेणूबाई तशाच गच्चीवर बसल्या आणि पदर तोंडात धरून हसल्या, आणि हसता हसता रडल्या. दुसरे दिवशी तिकडे ठिपके दोन जाहले, आणि पुढे तिसरा, झालरीचा. इकडील मानकऱ्यांच्या अंगाचा तिळपापड जाहला आणि त्यांनी मोरपिसांचे छत्र काढिले. तिकडून सोनेरी कळसाचे आले. येणेप्रमाणे दोन्ही दौलतींची छत्रांची लढाई मृगापर्यंत चालली, आणि त्यात कोणी मेले नाही, आणि दोन्ही रोपे सावलीत राहिली. तिकडेही छत्र धरणारास तांब्या धरता येत नव्हता.

मग पाऊस आला आणि गेला; त्याचे वर्णन करणारे पुष्कळ आहेत. पावसात शेवंतीने अंग धरिले, आणि बुडातून फुटवे फुटले, आणि कार्तिकात कळ्या जाहल्या. पहिली कळी उमलली तेव्हां वेणूबाई आणि म्हाळोजीबाबा दोघेच तेथे होते. बाबांनी वाकून वास घेतला आणि म्हणाले, "देवीच्या मागचाच वास." मग नगारा जाहला आणि फूल उमलल्याचे इकडील निशाण चढले. पलीकडे निशाण नव्हते. सकाळ गेली, दुपार गेली, हैबतराव तटावर येरझारा घालू लागले, आणि नकळत त्यांचा हात तरवारीकडे जाऊ लागला. दिवस मावळण्याच्या सुमारास तिकडे निशाण दिसले, ते इतके उंच की मान मोडावी. मागाहून कळले की तिकडचे फूल आदल्याच दिवशी उमलले होते, परंतु इकडच्याहून लांब काठी मिळेपर्यंत त्यांनी निशाण चढविले नाही. वेणूबाईंनी त्या काठीस मनातल्या मनात फार शिव्या दिल्या.

दुसरे दिवशी उतारावर ओलिसांची अदलाबदल जाहली. निघताना म्हाळोजीबाबांनी वेणूबाईंच्या डोक्यावर हात ठेविला. म्हणाले, "सहा महिन्यांत तुझ्याशिवाय माझ्याशी कोणी बोललं नाही, पोरी. तिकडे तुझ्या माणसाशी कोण बोललं असेल, देवीला ठाऊक." वेणूबाईंस याचा अर्थ तेव्हां नीट कळला नाही. मध्यभागी दोघे ओलीस समोरासमोर आले, आणि सर्वांनी पाहिले की म्हाताऱ्याने थांबून सुभानरावांकडे निरखून पाहिले, आणि मग आपले उपरणे काढून त्यांच्या डोक्यावर टाकिले, आणि पुढे गेला.

सुभानराव आले. शरीराने धड होते, थोडे वाळले होते इतकेच. पण घोड्याशी बोलत नव्हते. महालात ऐन दुपारी मोठा दरबार भरविला होता, त्याच चौकात, शेवंतीच्या शेजारी त्यांस गादी घालून बसविले, आणि मग मानाप्रमाणे एकेक पुढे जाहला. महाराजांनी वस्त्रे दिली. पंतांनी भाषण केले. पुरोहितांनी आशीर्वाद दिला, तो लांबला. मेहुण्यांनी विचारिले, तिकडे जेवण कसे होते, आणि दुसऱ्याने विचारिले, फौज किती आहे, आणि तिसऱ्याने पेढा तोंडाशी धरिला, आणि चौथ्याने सरबत, आणि वैद्यांनी नाडी धरिली. सुभानरावांनी मान खाली घातली. मग ती वर होईना. ज्यांच्या तोंडास कधी विसावा नव्हता ते एक अक्षर बोलेनात. दरबार घाबरला, आणि घाबरला म्हणून आणखी सरबत आणविले, आणि सगळे एकदम त्यांच्याभोवती दाटले.

तेव्हां वेणूबाई पडदा सारून बाहेर आल्या. हुजऱ्याच्या हातून रेशमाची ती जुनी अब्दागीर घेतली, आणि नवऱ्याच्या पाठीशी जाऊन उभ्या राहिल्या, आणि तिची सावली नीट त्यांच्या डोक्यावर येईल ऐसी काठी कलती केली. मग म्हणाल्या, "महाराज, आजची पाहणी पुरे. दुपारी बघून काही कळत नाही. संध्याकाळी यावं."

महाराजांस उलगडा होईना. पण हैबतराव, ज्यांनी त्या रोपाशेजारी कितीएक दुपारी काढिल्या होत्या, ते एकदा शेवंतीकडे बघत, एकदा सुभानरावांकडे. मग त्यांनी हातातला सरबताचा पेला खाली ठेविला, जोडे हातात घेतले, आणि चवड्यांवर चालत चौकाबाहेर गेले. त्यांच्यामागून मेहुणे गेले, आणि मग एकेक करून सगळे, आणि पंतांनी पुरोहितांस हातास धरून नेले, आणि चौक रिता जाहला.

वेणूबाई तशाच काठी धरून उभ्या राहिल्या. हात दुखू लागले तेव्हां काठी या हातातून त्या हातात घेतली. पारवे कोनाड्यात घुमत होते, आणि ऊन भिंतीवरून उतरत होते, आणि त्या बोलक्या माणसाचा श्वास त्यांस ऐकू येत होता, आणि तो आहे, इथे आहे, एवढ्याने त्यांचे मन भरून आले. पुष्कळ वेळाने भिंतीची सावली सरकत शेवंतीवर आली, आणि मग गादीवर आली. वेणूबाईंनी अब्दागीर मिटली.

सुभानरावांनी मान वर केली. रोपाकडे पाहिले, आणि मग फिरून त्यांच्याकडे, आणि घोगऱ्या आवाजात पुसले, "याला पाणी कोण घालतं?"

"मीच घालते. थोडंसं, संध्याकाळचं."

"मग मलाही थोडंसंच दे."

वेणूबाईंनी तांब्यातून त्यांच्या ओंजळीत पाणी ओतले. ते प्याले, आणि उरलेले शेवंतीच्या बुडाशी सोडिले, आणि रोपास हळूच काही म्हणाले. काय ते वेणूबाईंस ऐकू आले, पण त्यांनी ते कोणास सांगितले नाही, म्हणून येथे लिहिले नाही.

तात्पर्य, नंदननाम संवत्सरी वैशाखात लाविलेली शेवंती जगली, तह जगला, आणि उतारावर गुरे पूर्वीप्रमाणे नाकास नाक लावून पाणी पितात. फुले सरल्यावर रोप वाळले तेव्हां दरबार पुन्हा घाबरला होता, परंतु बुडाशी कोंब दिसले आणि सर्व स्वस्थ जाहले. त्या राज्यात अद्याप कोणी दुरून आला, अथवा दुःखातून आला, तर त्यास दुपारी काही पुसत नाहीत. सावलीत बसवितात आणि संध्याकाळची वाट पाहतात. इतके वर्तमान, लिहिणाराने हात धुतले असे.